प्राण्यांच्या कानी पडलेले संगीत
पाळीव प्राण्याला संगीत ऐकवण्याची हौस जुनी. त्याची भीती कमी व्हावी म्हणून ते ऐकवणे मात्र अलीकडचे. लंडनमध्ये १७१७ साली पिंजऱ्यातल्या पक्ष्यांना शिकवायच्या चालींचे पुस्तक निघाले. त्या चाली बासरीच्या जातीच्या वाद्यांवर पक्ष्यापुढे पुन्हा पुन्हा वाजवायच्या. फ्रान्समध्ये त्यासाठी ‘सेरिनेट’ ही हाताने फिरवायची छोटी वाद्यपेटी असे. पक्ष्याने माणसाची चाल म्हणून दाखवावी, एवढीच मालकाची अपेक्षा होती.

पुढची पायरी कुतूहलाची. फ्रेंच सैन्याने हॉलंडमधून आणलेल्या हान्स आणि मार्गरिट या हत्तींच्या जोडीसाठी मे १७९८ मध्ये पॅरिसच्या प्राणिसंग्रहालयात मैफल झाली. संगीतकार ग्लुकच्या रचनांपासून क्रांतिगीतापर्यंत बरेच काही वाजले. निरीक्षकांनी हत्तींच्या हालचाली बारकाईने टिपल्या. त्यांतून काढलेल्या अर्थात निरीक्षकांची रसिकताच अधिक दिसते.

प्राण्याच्या स्वास्थ्याचा प्रश्न शास्त्रीय कसोटीला लागला तो घरात नव्हे, बेवारस कुत्र्यांच्या निवाऱ्यात. बेलफास्टच्या क्वीन्स विद्यापीठातील डेबोरा वेल्स आणि सहकाऱ्यांचा अभ्यास २००२ मध्ये प्रसिद्ध झाला. निवाऱ्यातल्या ५० कुत्र्यांना त्यांनी पाश्चात्त्य अभिजात संगीत, हेवी मेटल, पॉप आणि माणसांचे बोलणे ऐकवले. अभिजात संगीत चालू असताना कुत्री अधिक वेळ पडून राहिली, त्यांनी आवाजही कमी केला. हेवी मेटलने भुंकणे वाढले. पॉप आणि गप्पांनी शांततेपेक्षा वेगळे काही घडले नाही. पण हा गुण टिकतो किती? ग्लासगो विद्यापीठाच्या २०१५ मधील अभ्यासात तेच ते संगीत काही दिवसांतच निष्प्रभ ठरले. म्हणून २०१७ मध्ये प्रकार बदलून पाहिले, तेव्हा सॉफ्ट रॉक आणि रेगे उजवे निघाले. बाख-मोझार्टच्या भक्तांना हे जरा अवघडच गेले असेल.

या प्रयोगांतले सारे संगीत माणसाच्या कानाचे होते. माणसाला सुमारे २० हजार हर्ट्झपर्यंतचे स्वर ऐकू येतात. मांजराची मर्यादा त्याच्या तिपटीच्या आसपास आहे. अमेरिकी चेलोवादक डेव्हिड टाय यांनी मांजरांच्या घुरघुरण्याची आणि पिल्लांच्या दूध पिण्याची लय घेऊन उंच स्वरांच्या रचना केल्या. मानसशास्त्रज्ञ चार्ल्स स्नोडन यांच्यासह केलेल्या, २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात ४७ मांजरांना त्या ऐकवल्या. मांजरे या रचनांच्या स्पीकरकडे वळली, त्याला अंग घासू लागली. बाखच्या रचनेत त्यांनी विशेष रस घेतला नाही. लुइझियानातील २०२० च्या अभ्यासात असे संगीत ऐकवल्यावर दवाखान्यातल्या मांजरांचा ताण वागण्यावरून कमी दिसला, रक्ततपासणीत मात्र फरक आढळला नाही.

घरातला वापर याच पायावर उभा आहे. दिवाळीच्या फटाक्यांत संगीताने बाहेरचा आवाज थोडा झाकला जातो. ते आधीपासून, मंद आवाजात लावणे बरे. मालक बाहेर पडतानाच तेवढे लावले, तर तेच एकटे पडण्याची खूण ठरू शकते. भीतीने थरथरणाऱ्या, दार ओरबाडणाऱ्या जनावराला पशुवैद्याकडेच न्यावे लागते.