आफ्रिकेतून नाशिकला, नाशिकहून आफ्रिकेला

आपल्या इतिहासात आफ्रिकन माणसाची आणि आपली गाठ पडते ती बहुधा दोन ठिकाणी. एक निजामशाहीत, मलिक अंबराच्या रूपाने. आणि दुसरी जंजिऱ्याच्या तटावर, सिद्दीच्या रूपाने. शाळेच्या पुस्तकात हे दोघे आले म्हणजे एकाविषयी थोडा आदर वाटतो, दुसऱ्याचा थोडा राग येतो, आणि विषय तेथेच संपतो. पण आज आम्ही ज्या आफ्रिकन मंडळींची हकीकत सांगणार आहोत, ती राज्यकर्ती नव्हती आणि लढवय्यीही नव्हती. ती मुले होती. गावातून पळवून नेलेली, बाजारात विकलेली, भर समुद्रात सोडवलेली आणि शेवटी आपल्याच गोदाकाठी, नाशिकजवळ शरणपुरास आणून ठेवलेली.

मलिक अंबराचा उल्लेख मात्र आधी केला पाहिजे. कारण त्याच्याकडे पाहिले म्हणजे या विषयाचा एक टोकाचा बिंदू दिसतो. सोळाव्या शतकाच्या मध्यास हबसाणात, म्हणजे आजच्या इथिओपियात, जन्मलेला चापू नावाचा मुलगा गुलाम म्हणून विकला गेला. बगदादमार्गे तो दक्षिणेत आला. अहमदनगरचा पेशवा चंगीझखान याने त्याला विकत घेतले, आणि तो चंगीझखान स्वतः हबशीच होता. पुढे या गुलामाने निजामशाही सावरली, मोगलांना गनिमी काव्याने जेरीस आणले, जमीनमहसुलाची व्यवस्था लावली आणि १६१० च्या सुमारास खडकी हे शहर वसवले. तेच पुढचे औरंगाबाद, आजचे छत्रपती संभाजीनगर. १६२६ साली तो वारला तेव्हा त्याच्या मोगल शत्रूंच्या दरबारी इतिहासकारांनाही त्याची तारीफ करावी लागली. जंजिऱ्याच्या सिद्द्यांचे संस्थान तर १९४८ पर्यंत टिकले. ‘सिद्दी’ हा शब्द अरबी ‘सय्यिदी’वरून, म्हणजे ‘माझे धनी’ या अर्थाच्या शब्दावरून आला असे मानतात. गुलाम म्हणून आलेल्यांच्या वंशजांना धन्याचे नाव मिळावे, ही इतिहासाची थट्टाच म्हणायची.

दक्षिणेतल्या सुलतानशाह्यांत गुलामाला सरदार होण्याची वाट मोकळी होती. एकोणिसाव्या शतकात ती वाट उरली नव्हती. त्या वेळी झांझिबार बेटावर लवंगांचे मळे वाढत होते, आणि त्या मळ्यांना मजूर हवे होते. न्यासा सरोवराच्या, म्हणजे आजच्या मलावी सरोवराच्या, आसपासच्या प्रदेशातून माणसे पकडून किल्वाच्या बंदरात आणीत आणि तेथून अरबी गलबतांत भरून झांझिबार, अरबस्तान आणि इराणच्या आखाताकडे रवाना करीत.

या व्यापाराचा दोष अरबांच्या माथी मारून आपल्याला मोकळे होता येत नाही. झांझिबारच्या सुलतानाच्या जकातीचा मक्ता कित्येक वर्षे कच्छच्या जयराम शिवजी यांच्या पेढीकडे होता. तेथल्या हिंदी व्यापाऱ्यांच्या घरी आणि मळ्यांत गुलाम होते. १८६० च्या सुमारास ब्रिटिश वकील कर्नल रिग्बी याने अशा हजारो गुलामांना मुक्त करविले, तेव्हा व्यापाऱ्यांनी केवढी ओरड केली! आणि घरचे पाहावे, तर पेशवाईत बटकी-कुणबिणींची खरेदी-विक्री राजरोस होत होती आणि तिचे कागद आपल्या दप्तरांत आहेत. गुलामगिरीला कायद्याचा आधार राहणार नाही असे आपल्या देशात ठरले ते १८४३ मध्ये. तेव्हा ही गोष्ट दूरच्या लोकांची म्हणून ऐकू नये.

इंग्रजांच्या लढाऊ जहाजांनी ही गुलामांची गलबते अडवण्यास सुरुवात केली, तेव्हा एक प्रश्न उभा राहिला: सोडवलेल्या माणसांचे करायचे काय? परत किनाऱ्यावर सोडावे, तर दुसऱ्या दिवशी तीच माणसे पुन्हा पकडली जाणार. गाव शोधून पोहोचवावे, तर सहा-सात वर्षांच्या मुलाला गावाचे नाव सांगता येते, पण ते गाव नकाशावर कोठे आहे हे कोणाला ठाऊक होते? म्हणून या लोकांना एडनला वा मुंबईला उतरवीत. कोणी घरकामाला लागले, कोणी गोदीत, कोणी जहाजावर. मुलांपैकी पुष्कळांना मिशनऱ्यांच्या स्वाधीन करण्यात आले, आणि अशा मुलांसाठीचे आश्रयस्थान १८६० च्या सुमारास मुंबईहून शरणपुरास आले.

शरणपूर ही चर्च मिशनरी सोसायटीने वसवलेली वसाहत. विल्यम साल्टर प्राइस नावाच्या पाद्रीसाहेबाने ती १८५४ च्या सुमारास उभारली. तेथे शाळा होती, सुतारशाळा होती, लोहाराचा भाता होता. आफ्रिकन मुले तेथे लिहा-वाचायला आणि हाताने काम करायला शिकली. त्यांना नवा धर्म मिळाला आणि नवी नावेही मिळाली. याओ जमातीतला चेंग्विंबे नावाचा मुलगा तेथे मॅथ्यू वेलिंग्टन झाला. कोणी जेकब वेनराइट झाला, कोणी विल्यम जोन्स. नावे अशी, की ऐकणाऱ्याने लंडनची समजूत करून घ्यावी. चेहरे आफ्रिकेचे, आणि पायांखाली जमीन नाशिकची!

या मुलांचे खरे घर कोणते, हा प्रश्न प्रथम धसास लागला तो १८६६ साली. प्रसिद्ध प्रवासी डेव्हिड लिव्हिंग्स्टन आपल्या शेवटच्या मोहिमेसाठी त्या जानेवारीत मुंबईहून निघाला. त्याच्या तांड्यात शरणपूरचे नऊ तरुण होते. चुमा आणि वेकातानी हे दोन याओ तरुणही होते. लिव्हिंग्स्टनच्या साह्याने ते गुलामांच्या तांड्यातून सुटले होते आणि मध्यंतरी मुंबईच्या शाळेत राहिले होते. तांडा न्यासा सरोवराच्या बाजूला चालू लागला, म्हणजे या मुलांना जेथून पळवून नेले होते, त्याच मुलखात शिरला.

न्यासाच्या पूर्वेला मटाका नावाच्या सरदाराचे मोठे गाव होते. तेथे जमलेल्या गर्दीत शरणपूरच्या अब्राहम नावाच्या तरुणाने आपल्या मामा-काकांपैकी एकाला ओळखले. त्याने ओळख सांगितली. मग त्याला कळले, की आपल्याला पकडून नेल्यानंतर आपल्या आईला आणि दोन्ही बहिणींनाही अरबांना विकून टाकले. त्या नातेवाइकाने राहण्याचा आग्रह धरला. सरदारानेही आग्रह केला. लिव्हिंग्स्टननेही सांगितले, की येथेच राहा, काही दिवस पुरेल एवढे सामान मी देतो. पण तो तरुण ऐकेना. जेथे आई नाही नि बहीण नाही, तेथे राहायचे कोणासाठी, असे त्याचे म्हणणे होते. तो तांड्याबरोबर पुढे निघाला.

सभ्य श्रोतेहो, मायभूमी या शब्दावर आपण पुष्कळ व्याख्याने ऐकली आहेत. त्यातली ‘माय’ काढून घेतली, तर नुसती ‘भूमी’ माणसाला धरून ठेवते का, हा प्रश्न या पोरक्या मुलाने विचारला आहे. त्याच प्रवासात वेकातानीने मात्र उलट निर्णय घेतला. सरोवराच्या दक्षिण टोकाला त्याला आपले भाऊबंद भेटले असे त्याने सांगितले, आणि तो तेथेच राहिला. दोघे एकाच वाटेने आले होते. एकाला घर सापडले आणि दुसऱ्याला ते मोडलेले दिसले.

शरणपूरच्या मुलांविषयी लिव्हिंग्स्टनच्या रोजनिशीत तक्रारी पुष्कळ आहेत. ती आळशी आहेत, सांगितले ऐकत नाहीत, वगैरे. पण त्याच्या अखेरीस उपयोगी पडली तीही हीच माणसे. १८७२ मध्ये त्याच्यासाठी जी नवी कुमक गेली, तीत जेकब वेनराइट आणि मॅथ्यू वेलिंग्टन हे शरणपूरचे विद्यार्थी होते. १८७३ च्या मे महिन्याच्या आरंभी चितांबोच्या गावी लिव्हिंग्स्टन मरण पावला. जवळ एकही गोरा माणूस नव्हता. प्रेत तेथेच पुरून मंडळी मोकळी झाली असती, तर कोणी नाव ठेवले नसते. पण सुसी, चुमा आणि इतरांनी त्याचे हृदय झाडाखाली पुरले, देह उन्हात वाळवला, सालीत आणि कापडात गुंडाळला आणि रोगराई, उपासमार व वाटेतल्या भांडणांना तोंड देत तो समुद्रकिनाऱ्यापर्यंत वाहून नेला. या वाटेला सुमारे नऊ महिने लागले. हृदय पुरताना प्रार्थना वाचली आणि झाडावर अक्षरे कोरली ती जेकब वेनराइटने, कारण त्याला लिहिता-वाचता येत होते. ती विद्या नाशिकच्या शाळेतली! एप्रिल १८७४ मध्ये लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये दफनविधी झाला, तेव्हा शवपेटीच्या मानकऱ्यांत हा वेनराइट होता. पुढे तो आफ्रिकेतच राहिला आणि १८९२ मध्ये उरांबो येथे वारला.

इकडे १८७३ च्या जूनमध्ये झांझिबारच्या सुलतानाने गुलामांचा बाजार बंद करण्याच्या तहावर सही केली. त्यासाठी वाटाघाटी करायला गेले होते मुंबईचे माजी गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर. मुक्त झालेल्यांना आफ्रिकेच्या किनाऱ्यावरच वसवावे, आणि त्यांना शिकवण्यासाठी शरणपूरच्या आफ्रिकनांना न्यावे, असा बेत ठरला. प्राइससाहेब १८७४ मध्ये निघाले, आणि मोंबासा बेटासमोरच्या मुख्य भूमीवर १८७५ मध्ये फ्रिअरटाउन ही वसाहत उभी राहिली. सुमारे दीडशे माणसे इकडून तिकडे गेली. सुतार, लोहार, शिक्षक, दुभाषे; कित्येकांचे संसार इकडेच मांडले गेले होते.

आता ही माणसे आफ्रिकेत परतली, तेव्हा त्यांना तेथे काय म्हणाले असतील? आफ्रिकन? नव्हे. त्यांना म्हणत ‘बाँबे’! मुंबई इलाख्यात ती हबशी होती. मोंबासात ती मुंबईकर झाली. स्थानिक लोकांना ती साहेबी कपड्यांतली परकी माणसे वाटत, आणि गोऱ्या मिशनऱ्यांना ती फार ताठ वाटत. पगार, मान आणि अधिकार यांवरून खटके उडू लागले. शिकवून शहाणे केले, पण बरोबरीने बसवायचे नाही, हा साहेबाचा रिवाज आपल्यालाही चांगला परिचयाचा आहे. मुलांना समुद्रावर सोडवले हे उपकारच होत, हे आम्ही मान्य करतो. पण उपकाराच्या मोबदल्यात माणसाने कायम लहान राहावे, ही अपेक्षा न्यायाची नाही.

तरीही या मंडळींनी तेथे समाज उभा केला. विल्यम जोन्स हा नाशिकला लोहारकाम शिकलेला. १८८५ मध्ये त्याला धर्मोपदेशकाची दीक्षा मिळाली. त्याच वर्षी बिशप हॅनिंग्टन युगांडाच्या वाटेवर मारला गेला, तेव्हा मागे राहिलेल्या तांड्याला सुखरूप किनाऱ्यावर आणले ते या जोन्सने. फ्रिअरटाउनजवळच्या रबाई येथे त्याच्या वस्तीत धन्यांकडून पळून आलेले गुलाम आश्रयाला येत. धन्यांनी दंगा आरंभला. वरिष्ठांनाही ही भानगड नको होती. पण एकदा स्वतः विकला गेलेला माणूस दुसऱ्याला दारातून परत कसा पाठवील? अखेर धन्यांना भरपाई देऊन १८८९ च्या आरंभी हजाराहून अधिक माणसांना मुक्ततेचे कागद देण्यात आले. याला आम्ही समाज म्हणतो. याओ, मकुआ, न्यासा अशा अनेक जमातींची, अनेक भाषांची ती माणसे. त्यांचे गोत्र एकच, हरवलेपणाचे. त्यावरच त्यांनी नाती जोडली. पुढे त्यांच्यातल्याच जेम्स जुमा म्बोतेला याने १९३४ मध्ये आपल्या लोकांच्या मुक्ततेचा इतिहास स्वाहिली भाषेत लिहिला. ज्या लोकांची नावे दुसऱ्यांनी ठेवली, त्यांनी आपली हकीकत मात्र आपणच सांगितली.

जे परत गेले नाहीत, त्यांच्याविषयीही दोन शब्द. गोव्याच्या पोर्तुगीज घरांतून पळालेल्या आफ्रिकन गुलामांनी उत्तर कानड्याच्या रानाचा आश्रय घेतला. त्यांचे वंशज, सिद्दी लोक, आज तेथे कानडी आणि कोकणी बोलतात; त्यांत हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती असे तिन्ही धर्मांचे लोक आहेत. कर्नाटकात त्यांना २००३ मध्ये अनुसूचित जमातीचा दर्जा मिळाला. गुजरातेत गीरच्या बाजूला जांबूरसारख्या गावी त्यांचे बांधव आहेत, त्यांची बोली गुजराती. चारशे वर्षे याच मातीत राहून, याच भाषा बोलूनही, केसांकडे पाहून ‘तुम्ही मूळचे कुठले?’ असे त्यांना विचारले जातेच. तो प्रश्न विचारणारे आपणच असतो.

मोंबासात फ्रिअरटाउनच्या जुन्या वस्तीपाशी एक घंटा आहे. गुलामांचे गलबत दिसले म्हणजे ती वाजवून लोकांना सावध करीत. स्वाहिलीत घंटेला ‘केंगेले’ म्हणतात. त्यावरून त्या भागालाच ‘केंगेलेनी’ असे नाव पडले. म्हणजे तिकडे त्या माणसांची खूण गावाच्या नावात राहिली आहे. इकडे नाशिकला शरणपूर रोड आहे. रोज हजारो माणसे त्या रस्त्याने जातात-येतात. शरण आलेल्यांचे पूर, एवढा अर्थ नावात उघड आहे. पण शरण आले कोण, त्यांचे पुढे काय झाले, हे आपण विचारले नाही.

मलिक अंबर आपल्या लक्षात राहिला, कारण त्याने राज्य चालवले. ज्यांनी राज्य चालवले नाही, नुसते जगून दाखवले, त्यांच्यासाठी आपल्या इतिहासात जागा असावी की नसावी? आमच्या मते असावी. उद्या शरणपूर रोडवरून जाताना क्षणभर थांबून, आई शोधत निघालेल्या त्या अब्राहमाची आठवण आपण केली, तर एवढ्या उशिरा का होईना, तो आपल्या गावचा झाला असे म्हणता येईल.