फोनसोबत आलेला कॅमेरा

नव्या फोनमध्ये कॅमेऱ्याचं अ‍ॅप आधीच असतं. ते कुठून आलं, हा प्रश्न तुम्हाला पडलाय का? मला पडला तो घरून आलेल्या आजीच्या फोटोंवर तारीखच सापडेना तेव्हा.

२००३ साली अँडी रुबिन आणि सहकाऱ्यांनी अँड्रॉइड कंपनी काढली, ती डिजिटल कॅमेऱ्यांसाठी. तो बाजार अपुरा वाटल्यावर ते फोनकडे वळले. २००५ मध्ये गूगलने कंपनी विकत घेतली. २००८ च्या पहिल्या अँड्रॉइड फोनमध्ये, एचटीसी ड्रीममध्ये, ३.१५ मेगापिक्सेलचा कॅमेरा होता, पण व्हिडिओ घेता येत नसे. २००९ मध्ये अँड्रॉइड १.५ आलं आणि त्याच फोनवर ती सोय झाली. भिंग तेच, बदललं ते सॉफ्टवेअर!

पुढे हेच वाढत गेलं. २०१३ च्या नेक्सस ५ मधलं 'एचडीआर प्लस' पटापट टिपलेल्या अनेक चौकटी जोडून एक फोटो बनवू लागलं. म्हणजे आपण 'क्षण' म्हणतो, ती खरं तर अ‍ॅपने केलेली जुळणी असते.

२०२० च्या अँड्रॉइड ११ ने नियम केला: त्यासाठी बनलेल्या दुसऱ्या अ‍ॅपने फोटो काढायला सांगितलं, तर ते काम फोनसोबत आलेल्या कॅमेऱ्याकडेच जाईल. कारण फोटोत ठिकाणाची नोंद असते आणि ती परवानगीशिवाय पुढे जाऊ नये.

तारीखही त्याच नोंदीत असते. मेसेजमधून फोटो पाठवताना ती बहुधा गळून पडते. म्हणून घरच्यांना सांगा, मूळ फाइल जपून ठेवा. आजीचा फोटो उद्याचा दस्तऐवज आहे.