पाच-वीस-चौदा: पद्मिनीला टायर शोधताना

आजचा भाग इतिहासाचाच आहे, पण तो सुरू होतो नाहूरच्या पुलावर.

गेल्या जुलैतली गोष्ट. पाऊस नुकताच उघडला होता. मी आणि आई आजोबांच्या १९९१ च्या प्रीमियर पद्मिनीतून मुलुंडला घरी येत होतो. पूल उतरताना पुढच्या रिक्षाने अचानक ब्रेक मारला, मग मीही मारला. गाडीचं तोंड सरळ राहिलं, पण मागची बाजू डावीकडे फिरायला लागली. गाडी कठड्यापासून हातभर अंतरावर आडवी होऊन थांबली. कुणाला काही झालं नाही. आई घरी येईपर्यंत एक अक्षर बोलली नाही. जिना चढताना एवढंच म्हणाली, "विकून टाक ती."

ब्रेक ठीक होते, दुसऱ्या दिवशी तपासून घेतले. चूक टायरांची होती आणि ती चूक अर्धी माझी होती. महिनाभर आधी एका दुकानात पुढचे दोन टायर बदलले होते. दुकानदार म्हणाला, "ताई, दोनच घ्या, मागचे अजून वर्षभर जातील." आणि मी काय घेतलं? १८५/६० आर १४. रुंद, चपटे, दिसायला एकदम भारी. पुढे नवे रेडियल, मागे आजोबांच्या वेळचे टायर. त्या मागच्या टायरांवर छापलेलं होतं: ५.२०-१४.

हा आकडा मी तोवर कधी नीट वाचलाच नव्हता. तो वाचायला गेले आणि थेट तुरिनला पोचले.

पण आधी कुर्ला. सोलापूरचे वालचंद हिराचंद तुम्हाला शाळेच्या पुस्तकातून माहीत असतील. जहाजं, विमानं आणि मग मोटारी. १९४४ मध्ये त्यांनी प्रीमियर ऑटोमोबाइल्स काढली आणि कुर्ल्याला कारखाना उभा केला. सुरुवातीला तिथे डॉज, प्लिमथ अशा अमेरिकन गाड्यांची जोडणी व्हायची. १९५० च्या दशकात इटलीच्या फियाटशी करार झाला आणि फियाट ११०० कुर्ल्यात बनू लागली. १९६४ मध्ये तिचं 'डिलाइट' मॉडेल आलं. फियाटचा परवाना संपल्यावर नाव आधी 'प्रेसिडेंट' झालं आणि १९७४ पासून 'पद्मिनी', चित्तोडच्या राणीवरून. डबा मात्र तोच राहिला. इटलीत ही ११०० मालिका १९६९ मध्ये बंद झाली. आपल्याकडे तीच गाडी, तेच १०८९ सीसीचं इंजिन, साधारण २००० सालापर्यंत निघत राहिलं. कारखाना गेला, पण कुर्ल्यात प्रीमियर रोड अजून आहे, गुगल मॅपवर बघा.

१९६४ चं आणखी एक सांगते. त्या साली पंतप्रधान झालेल्या लाल बहादूर शास्त्रींनी घरच्यांच्या आग्रहावरून फियाट ११०० घेतली. किंमत १२,००० रुपये, खात्यात ७,०००. उरलेल्या ५,००० साठी त्यांनी पंजाब नॅशनल बँकेचं कर्ज काढलं. १९६६ मध्ये ते ताश्कंदला गेले ते परत आलेच नाहीत. कर्ज ललिता शास्त्रींनी पेन्शनमधून फेडलं. ती गाडी आज दिल्लीत त्यांच्या स्मारकात उभी आहे. आणि आपण ज्याला एलबीएस म्हणतो, सायनपासून कुर्ला, घाटकोपर, भांडुप करत मुलुंडच्या चेकनाक्याकडे येणारा जुना आग्रा रोड, त्याला नाव त्यांचंच. त्या रस्त्यावर मी रोज ट्रॅफिकला शिव्या घालते, पण ही जोडणी मला यंदाच कळली.

आता टायर. फियाट तुरिनची, हे बहुतेकांना माहीत असतं. सिएटही तुरिनचीच, हे किती जणांना माहीत आहे? सिएट हा शब्द म्हणजे इटालियन नावाची आद्याक्षरं. 'कावी एलेत्त्रिची ए अफ्फिनी तोरिनो', म्हणजे तुरिनच्या विजेच्या केबल आणि तत्सम वस्तू. १९२४ च्या सुमारास विर्जिनियो ब्रुनी तेदेस्की यांनी ती सुरू केली. फ्रान्सचे माजी राष्ट्राध्यक्ष सार्कोझी यांची पत्नी, गायिका कार्ला ब्रुनी याच घराण्यातली. १९५८ मध्ये सिएट टाटांच्या साथीने मुंबईत आली आणि भांडुपला कारखाना सुरू झाला. १९८२ मध्ये ती आरपीजी समूहाकडे गेली. म्हणजे बघा, तुरिनची मोटार कुर्ल्यात, तुरिनचं रबर भांडुपमध्ये, आणि मधे जेमतेम चार-पाच स्टेशनं. आमच्या सेंट्रल लाइनवाल्यांना कुणी 'तिकडचे' म्हणालं की मी हे ऐकवते.

तर ५.२०-१४. यातला ५.२० म्हणजे टायरची रुंदी इंचात, साधारण १३२ मिलिमीटर. १४ म्हणजे रिमचा व्यास, तोही इंचात. बस, एवढंच. हल्लीच्या टायरवर असतो तसा मधला आकडा नाही, 'आर' नाही. कारण तेव्हा टायरची उंची रुंदीच्या जवळपास बरोबरीचीच असायची, वेगळी सांगायची गरज नव्हती. आणि टायर एकाच पद्धतीचे असायचे: क्रॉस-प्लाय. आतल्या दोऱ्यांचे थर एकमेकांवर तिरपे, खाटेच्या विणीसारखे.

रेडियल आला फ्रान्समधून. मिशेलिनने १९४६ मध्ये पेटंट घेतलं आणि १९४९ पासून टायर बाजारात आणले. यात दोरे एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत सरळ आडवे जातात आणि रस्त्याला टेकणाऱ्या भागाखाली पोलादी पट्टा असतो. वळणावर क्रॉस-प्लाय सगळाच्या सगळा कलतो. रेडियलची बाजू वाकते, पण तळवा जमिनीला चिकटून राहतो. युरोपने तो लवकर उचलला. आपल्याकडे परवाना राज होतं, गाडीसाठी वर्षानुवर्षं नंबर लावून बसायला लागायचं. ज्याची गाडी हातोहात खपते तो टायर कशाला बदलेल? मारुती आणि नंतर १९९१ चं उदारीकरण आल्यावर मोटारींत रेडियल सर्रास झाले. पद्मिनी तोवर म्हातारी झाली होती.

माझ्या पुलावरच्या प्रकरणाचा उलगडा इथेच आहे. पुढचे रेडियल ओल्या रस्त्याला धरून होते, मागच्या जुनाट क्रॉस-प्लायची पकड सुटली. पुढचं जास्त धरतं, मागचं कमी, मग शेपूट फिरणारच. एका ॲक्सलवर दोन जातींचे टायर तर कधीच घालायचे नाहीत. पुढे रेडियल आणि मागे क्रॉस-प्लाय ही जोडी त्याहून फसवी, कारण कोरड्या रस्त्यावर ती महिनाभर काहीच बोलत नाही. बदलायचे तर चारही.

बरं, मग जुनेच ५.२० का नाही घेतले? गेले होते ना. चार दुकानं फिरले. तिघांनी नाही म्हटलं, एकाने तर "कुठली गाडी?" असं तीनदा विचारलं. चौथ्याने माळ्यावरून दोन काढून दिले, अगदी कोरे करकरीत. मी टायरच्या बाजूचा डीओटी कोड वाचला. शेवटचे चार आकडे बघायचे: पहिले दोन म्हणजे वर्षातला आठवडा, पुढचे दोन म्हणजे साल. एकही किलोमीटर न चाललेला तो टायर आठ वर्षांचा निघाला. रबर वापरलं नाही तरी कडक होत जातं. ठेवा म्हटलं.

हे टायर आधी सहज मिळायचे ते कुणामुळे? टॅक्सीवाल्यांमुळे. आमच्यासारखे हौशी किती असणार! गिऱ्हाईक म्हणजे काळी-पिवळी. टपावर कॅरिअर, त्यावर गावी निघालेल्या कुटुंबाच्या वळकट्या, डिकीत सीएनजीची टाकी, मागे तीन-चार माणसं आणि खाली पाटे. हे सगळं वजन त्या अरुंद टायरांनी वाहिलं. सायन आणि वांद्र्याच्या पुढे शहरात रिक्षाला बंदी, म्हणून तिकडे सगळी टॅक्सीच. राज्याने टॅक्सीला २० वर्षांची वयोमर्यादा घातली. शेवटची पद्मिनी टॅक्सी ताडदेव आरटीओत २९ ऑक्टोबर २००३ ला नोंदली गेली होती, तिची मुदत २०२३ च्या ऑक्टोबरअखेर संपली. सगळ्या पेपरांत फोटो आले, लोक हळहळले, मीही स्टोरी टाकली होती. पण त्या गाडीसोबत माझ्या टायरचा बाजारही उठला, हे तेव्हा डोक्यात आलं नाही.

मग दुसऱ्या टोकाला गेले. कुर्ल्याचा सीएसटी रोड, जुन्या-नव्या सुट्या भागांचं माहेरघर. म्हटलं अलॉयच घालू, चार भोकांचे, पंधरा इंची. इथे जुन्या गाडीवाल्या सगळ्यांनी कान द्या, मग गाडी पद्मिनी असो, होंडा सिटी असो नाहीतर पॅलिओ. चार भोकं दिसली म्हणजे व्हील बसलं असं होत नाही. भोकांच्या मध्यांतून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यास, त्याला पीसीडी म्हणतात, तो जुळायला हवा. फियाट उनो आणि पॅलिओचा ९८ मिलिमीटर, होंडा सिटीचा १००. फरक दोन मिलिमीटरचा! बोल्ट जातो, आवळलाही जातो, पण तिरका बसतो आणि हळूहळू सैल होतो. चार भोकांच्या व्हीलवर हे मोजणं सोपं आहे, समोरासमोरच्या दोन भोकांचं मध्य ते मध्य अंतर घ्यायचं. मधलं हबचं भोकही जुळायला हवं, आणि बोल्टचं डोकं जिथे टेकतं ती बैठक शंकूसारखी आहे की गोल, तेही. मी कॅलिपर घेऊन गेले होते. दुकानदार हसला. मी ते अलॉय तिथेच ठेवून आले.

शेवटी घरच्याच लोखंडी रिमकडे वळले. बाजूच्या पंक्चरवाल्याने टायर उतरवले, मी वायर ब्रशने गंज घासला. रिमची रुंदी रिमवरच कोरलेली असते, इंचात, पुढे इंग्रजी जे. पुस्तकातला आकडा धरून चालू नका, तीस वर्षांत गॅरेजवाल्यांनी कुठली रिम कुठे लावली असेल सांगता येत नाही. टायर कंपन्यांच्या तक्त्यात १८५/६० ला किमान ५ इंचांची रिम लागते. माझी ४ निघाली. म्हणजे तो भारी टायर अरुंद रिमवर फुग्यासारखा फुगून बसला होता.

उंचीचा हिशेब शाळेतलाच. १८५ चे ६० टक्के म्हणजे १११, तो दोनदा, अधिक १४ इंचांचे ३५६. झाले ५७८ मिलिमीटर. जुना ५.२० मी टेपने मोजला, ६१ सेंटिमीटरच्या आसपास. म्हणजे गाडी पुढून दीड-पावणेदोन सेंटिमीटर खाली बसली होती. प्रत्येक स्पीडब्रेकरला पोट का घासायचं ते कळलं. चारही तसले घातले असते तर काट्यावर ६० दिसताना खरा वेग ५७ च्या खालीच राहिला असता.

मग १६५/८० आर १४ चा हिशेब केला. १३२ दोनदा, अधिक ३५६, एकूण ६२०. जुन्यापेक्षा जेमतेम सव्वा-दीड टक्का उंच. तक्त्यात रिम ४ ते ५.५ इंच चालते, माझी अगदी काठावर बसली. वजन-निर्देशांक ८५, म्हणजे टायरमागे ५१५ किलो, पद्मिनीला भरपूर. रुंदी जुन्यापेक्षा जास्त आहे, म्हणून आधी एकच टायर चढवला, स्टिअरिंग दोन्हीकडे शेवटपर्यंत फिरवलं, मागे दोघांना बसवून मडगार्डच्या आतून हात फिरवला. कुठे लागत नव्हतं. आत ट्यूब घातली, तीही रेडियलची. या जुन्या रिमला ट्यूबलेस टायरची कड धरून ठेवणारा उंचवटा नसतो.

पाच टायर घेतले, स्टेपनीसकट. या वेळी दुकानात कुणी "कुठली गाडी?" विचारलं नाही. मापही लगेच मिळालं, कारण स्विफ्ट आणि डिझायरच्या साध्या मॉडेलला हेच येतं. म्हणजे आज एअरपोर्टपासून मुलुंडपर्यंत ज्या डिझायर टॅक्सी म्हणून धावतात, त्यांचंच माप. आजोबांची गाडी पुन्हा टॅक्सीवाल्यांच्या जिवावर उभी आहे.

आई अजून मागच्याच सीटवर बसते. पण परवा घाटकोपरला मावशीकडे जायचं होतं, तेव्हा रिक्षा नको म्हणाली.