बालपरवेशी ते अपघात-विमा

१. पुणें जिल्ह्याच्या दौंड तालुक्यांत खुटबाव हें गांव आहे. पुण्याहून दौंडकडे जाणाऱ्या लोहमार्गावर यवत व केडगांव यांच्या दरम्यान त्याचें स्टेशन लागतें. हा मुलूख मुळा-मुठा व भीमा यांच्या खोऱ्यांतला. ऊंस, विहिरी, विजेचे पंप, ट्रॅक्टर, साखरकारखान्याच्या वाटेनें जाणाऱ्या गाड्या आणि शेजारून धांवणारी आगगाडी, असा येथील संसार. अशा गांवीं एखादा कर्ता पुरुष विहिरींत बुडाला, पंपाच्या तारेनें गेला, बांधावर सर्पदंशानें मेला किंवा गाडीखालीं सांपडून पाय गमावून बसला, तर त्याच्या घरास काय मिळतें, कोणत्या नात्यानें मिळतें, व कोणत्या कागदावर मिळतें, हा प्रश्न आजचा म्हणून समजला जातो. परंतु मराठ्यांच्या इतिहासांत तो साडेतीनशें वर्षांपूर्वींच उपस्थित झालेला असून त्याचें उत्तरही दिलें गेलें होतें. तें उत्तर व आजचें उत्तर हीं शेजारीं शेजारीं मांडून पाहावीं, एवढाच या लेखाचा उद्देश आहे.

२. प्रथम शब्दांचा विचार करूं. ‘विमा’ हा शब्द फारसीच्या द्वारें मराठींत आला व व्यापाऱ्यांच्या व्यवहारांत रुळला. माल एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणीं सुखरूप पोंचविण्याचा मक्ता घेणारा तो हुंडेकरी. वाटेंतील जकातीचा भारही तो आपल्या अंगावर घेई. त्याच जातीची दुसरी योजना जोखमी हुंडीची. ही हुंडी माल पोंचला तरच देय होत असे. माल बुडाला तर हुंडीही बुडाली. म्हणजे हुंडी व विमा हे दोन्ही व्यवहार एकाच कागदांत गोंवलेले असत. या पद्धतींत जोखमीचें मोल अगोदर ठरे व तें कराराच्या शब्दानें ठरे. परंतु तें मोल मालाचें. माल वाहणाऱ्या माणसाच्या हातापायांचें नव्हे.

माणसाच्या देहाचा हिशेब वेगळ्या दप्तरांत सांपडतो. तें दप्तर लष्कराचें. तेथील शब्द ‘बालपरवेशी’ हा होय. रणांत पडलेल्या माणसाच्या मुलांमाणसांच्या परामर्षासाठीं सरकारांतून चालविलेली नेमणूक, असा त्याचा अर्थ. यांत करार नाहीं, हप्ता नाहीं; आहे तो चाकरीचा संबंध व धन्याची कृपा. आजचा अपघात-विमा या दोन धाग्यांच्या विणीचा आहे असें आमचें मत आहे. करार त्यानें सावकाराकडून घेतला, आणि जखमेगणिक मोल ठरविण्याची रीति लष्कराकडून.

३. या रीतीचा प्रसिद्ध दाखला सभासदाच्या बखरींत आहे. कृष्णाजी अनंत सभासद यानें ही बखर सतराव्या शतकाच्या अखेरीस, राजाराम महाराजांच्या वेळीं, जिंजी येथें लिहिली. १० नोव्हेंबर १६५९ रोजीं प्रतापगडाखालीं अफजलखानाचा वध झाला. त्या प्रसंगानंतर महाराजांनीं आपल्या लोकांची व्यवस्था कशी लाविली, हें सभासद सांगतो. मेलेल्यांच्या मुलांस चाकरींत घेऊन त्यांचें चालविलें. ज्यांस पुत्र नाहीं त्यांच्या बायकांस निमें वेतन करून दिलें. आणि जखमी झालेल्यांस जखमेच्या मानानें दोनशें, शंभर, पन्नास, पंचवीस होन दिले, असा त्या मजकुराचा आशय आहे.

बखर प्रसंगानंतर सुमारें चार दशकांनीं लिहिली गेली, हें विसरून चालणार नाहीं. आंकड्यांचा शब्दशः आधार घेतांना संशोधकानें हात आंखडता ठेवावा हें बरेंच. परंतु दरबारच्या एका जुन्या माणसास ही व्यवस्था इतक्या नेमक्या पायऱ्यांनीं सांगावीशी वाटली, यावरून अशी रीति त्याच्या माहितींतील व योग्य समजली जाणारी होती, एवढें अनुमान काढण्यास हरकत नाहीं. या चार ओळींच्या मजकुरांत तीन तत्त्वें आहेत. पहिलें, मृत्यु व जखम यांचे हिशेब वेगळे. दुसरें, मृत्यूच्या बाबतींत एकरकमी देणगीपेक्षां निर्वाहाची सोय श्रेष्ठ. म्हणून पुत्रास चाकरी व विधवेस निमें वेतन. तिसरें, जखमेच्या बाबतींत एकरकमी देणें, व तें जखमेच्या मानानें. सर्वांत मोठी रक्कम सर्वांत लहान रकमेच्या आठपट आहे. जखम पाहून ठरविणारा डोळा मात्र माणसाचा. अमुक अवयवास अमुक होन अशी यादी बखरींत नाहीं.

४. याहूनही मागें गेल्यास वीरगळ आहेत. महाराष्ट्र व कर्नाटक यांच्या गांवोगांवीं गाई सोडवितांना किंवा गांवाचें रक्षण करतांना पडलेल्यांचे हे दगड उभे आहेत. कन्नड लेखांत अशा वीराच्या वंशास दिलेल्या जमिनीस नेत्तरगोडगी म्हणत. नेत्तर म्हणजे रक्त व कोडगे म्हणजे देणगी. रक्ताच्या मोबदल्यांत जमीन, ही कल्पना बालपरवेशीच्या फार पूर्वींची असून दक्षिणेंत ती सर्वत्र परिचित होती.

पेशवाईंत बालपरवेशीची नेमणूक ही राज्यकारभाराची नित्याची बाब बनली. गणेश चिमणाजी वाड यांनीं निवडलेल्या सातारकर राजे व पेशवे यांच्या रोजनिशींतील उताऱ्यांत अशा नेमणुका आढळतात, आणि सुरेंद्रनाथ सेन यांनीं मराठ्यांच्या राज्यव्यवस्थेवरील आपल्या १९२३ सालच्या ग्रंथांत त्यांची दखल घेतली आहे. या नेमणुका सरकारच्या मर्जीवर होत. त्या मिळविण्यासाठीं अर्ज, त्यावर तपास, आणि मग सनद, हा क्रम असे. अमका अमक्या लढाईंत पडला, त्यास अमुक मुलें आहेत, हें कोणीतरी ओळखीच्या सरदारानें सांगावें लागे. १४ जानेवारी १७६१ च्या पानिपतासारख्या प्रसंगीं, जेथें सांगणारा सरदारच शिल्लक राहिला नाहीं, तेथें शिलेदाराच्या विधवेची वाट किती बिकट झाली असेल, याची कल्पना वाचकांनींच करावी. कृपेच्या व्यवस्थेचें वैगुण्य हेंच कीं, ती साक्षीदारावर अवलंबून असते.

५. आतां दुसऱ्या धाग्याकडे वळूं. इंग्लंडांत आगगाड्या सुरू झाल्यावर १८४९ सालीं लंडनमध्यें रेल्वेच्या उतारूंचा विमा उतरणारी कंपनी निघाली. तिकिटाबरोबर दोन-तीन पेनींचा जादा कागद घ्यावा, प्रवासांत मृत्यु आल्यास वारसांस ठरलेली रक्कम मिळावी, असा तो व्यवहार होता. मुख्य तिकिटास जोडलेली ही पुरवणी. पुरवणी अपघात-विम्याचें हें मूळ रूपच म्हणावयाचें. हिंदुस्थानांत १६ एप्रिल १८५३ रोजीं बोरीबंदर ते ठाणें गाडी धांवली, व १८६० पर्यंत लोहमार्ग पुण्याहून दौंडच्या वाटेनें सोलापुरास पोंचला. मधल्या काळांत, १८५५ सालीं, येथें घातक अपघातांचा कायदा झाला. दुसऱ्याच्या अपकृत्यानें माणूस मेल्यास त्याची बायको, नवरा, आईबाप व मुलें यांस नुकसानभरपाई मागण्याचा हक्क त्यानें दिला. कृपेच्या जागीं हक्क आला तो येथें. परंतु दुसऱ्याचा दोष शाबीत करण्याचें ओझें वारसांवरच राहिलें.

तें ओझें १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्यानें कामगारापुरतें उतरविलें. कामावर असतां व कामामुळें इजा झाली, एवढें पुरे. या कायद्याच्या परिशिष्टांत अवयवांची यादी होती व प्रत्येकापुढें कमाईची शक्ति शेंकडा किती कमी झाली याचा आंकडा होता. पुढें सुधारलेल्या यादींत दोन्ही हात गेल्यास १००, अंगठा गेल्यास ३०, तर्जनी संपूर्ण गेल्यास १४ असे आंकडे दिसतात. सभासदाच्या बखरींतील जखम पाहणारा डोळा येथें छापील कोष्टक झाला. हा कायदा नोव्हेंबर २०२५ मध्यें अमलांत आलेल्या सामाजिक सुरक्षा संहितेंत सामावून गेला आहे. परंतु त्यानें एक मोठा वर्ग प्रथमपासूनच बाहेर ठेविला होता. स्वतःच्या शेतांत राबणाऱ्यास धनी नाहीं. मग भरपाई कोणी द्यावी?

६. या ठिकाणीं पुरवणी अपघात-विम्याचें स्वरूप स्पष्ट करणें अवश्य आहे. आगीच्या किंवा मालाच्या विम्यांत झालेल्या नुकसानीइतकीच भरपाई मिळते, अधिक नाहीं. अपघात-विम्यांत तसें नाहीं. हातापायास बाजारभाव नसतो. म्हणून अगोदर ठरलेली ठोक रक्कम मिळते, व एकाच अपघाताबद्दल निरनिराळ्या ठिकाणांहून मिळणाऱ्या रकमा सामान्यतः एकमेकींस बाधक होत नाहींत. आयुर्विम्यास जोडलेली अपघाताची पुरवणी असो वा बँकेच्या खात्यावरील स्वतंत्र विमा असो, तो मुख्य आधारावर चढविलेला दुसरा थर असतो. रोगानें मृत्यु आला तर तो थर उघडत नाहीं. बाह्य, आकस्मिक व दृश्य कारणानें इजा झाली तरच उघडतो.

मे २०१५ मध्यें सुरू झालेली प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजना हें याचें सर्वपरिचित उदाहरण. १८ ते ७० वर्षांच्या खातेदारास ती खुली आहे. वर्षाचा हप्ता प्रथम १२ रुपये होता, १ जून २०२२ पासून २० झाला. अपघाती मृत्यु, किंवा दोन डोळे, दोन हात वा दोन पाय, अथवा एक डोळा व एक हात वा पाय कायमचा गेल्यास २ लाख. एकच डोळा, हात वा पाय गेल्यास १ लाख. खून झाल्यास रक्कम मिळते, आत्महत्येस मिळत नाहीं. येथें चार पायऱ्यांचें वा शंभर टक्क्यांचें कोष्टक नाहीं. दोनच पायऱ्या आहेत. अंगठा गमावलेल्यास या योजनेंत कांहीं नाहीं, हें ध्यानांत ठेवण्यासारखें आहे.

रेल्वेच्या उतारूचें पाहूं. सप्टेंबर २०१६ पासून संगणकावरून आरक्षित तिकीट काढणाऱ्यास एका रुपयाच्या आंत ऐच्छिक प्रवासविमा घेतां येतो. मृत्यु वा पूर्ण कायम अपंगत्व आल्यास १० लाख, अंशतः कायम अपंगत्वास साडेसात लाख, इस्पितळाच्या खर्चास २ लाखांपर्यंत, व शव नेण्यास १० हजार. परंतु खुटबावच्या फलाटावरून साधें तिकीट काढून पुण्यास जाणारा उतारू या पुरवणींत बसत नाहीं. त्याचा आधार १९८९ च्या रेल्वे कायद्याचा. त्याच्या कलम १२४अ प्रमाणें गाडींतून चुकून पडल्यासही, कोणाचा दोष न पाहतां, भरपाई मिळते. १ जानेवारी २०१७ पासून मृत्यूची रक्कम ४ लाखांची ८ लाख झाली आहे. उतारूपाशीं तिकीट सांपडलें नाहीं एवढ्यावरून दावा फेंटाळतां येत नाहीं, वारसांनीं प्रतिज्ञापत्रानें प्रथमदर्शनी पुरावा द्यावा व मग खंडनाचें ओझें रेल्वेवर यावें, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयानें २०१८ सालीं रीनादेवीच्या खटल्यांत दिला. पानिपताच्या विधवेस जो साक्षीदार मिळाला नसता, त्याची उणीव या निर्णयानें कांहीं अंशीं भरून काढली आहे.

७. धनी नसलेल्या शेतकऱ्याचा प्रश्न महाराष्ट्र सरकारनें २००५-०६ पासून हातीं घेतला. हप्ता सरकारनें भरावा, विमा कंपनीनें रक्कम द्यावी, अशी ती रचना होती. २०१५-१६ पासून तिला गोपीनाथ मुंडे यांचें नांव मिळालें व रक्कम २ लाख झाली. कागदावर हा शुद्ध करार होता. प्रत्यक्षांत कंपन्या दावे वेळेवर निकालीं काढीत नाहींत, क्षुल्लक त्रुटींवर ते नामंजूर करतात, अशा तक्रारी झाल्या. म्हणून एप्रिल २०२३ मध्यें सरकारनें विमा कंपनीस मधून काढून टाकलें व ‘शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना’ या नांवानें स्वतःच रक्कम देण्याचें ठरविलें. सातबाऱ्यावर नांव असलेला शेतकरी व त्याच्या कुटुंबांतील आणखी एक व्यक्ति, वय १० ते ७५, हे तींत येतात. रस्ता वा रेल्वे-अपघात, बुडणें, विजेचा धक्का, वीज पडणें, जंतुनाशकाची विषबाधा, सर्पदंश व विंचूदंश, उंचीवरून पडणें, जनावराचा हल्ला, खून, हीं कारणें तिला मान्य आहेत. नैसर्गिक मृत्यु व आत्महत्या वर्ज्य. वारसांच्या क्रमांत पत्नी वा पति यांस प्रथम स्थान आहे.

इतिहासाच्या अभ्यासकास यांतील दोन गोष्टी लक्षणीय वाटतील. सभासदाच्या मजकुरांत पुत्र प्रथम, विधवा त्याच्या अभावीं. आज विधवा प्रथम. हा पालट मोठा आहे. दुसरी गोष्ट नांवांतच आहे. ‘सानुग्रह’ म्हणजे कृपेनें दिलेलें. विम्याच्या करारानें जें हक्कानें मिळावयाचें तें कराराच्या अंमलबजावणींत अडलें, म्हणून सरकार पुन्हां बालपरवेशीच्या शब्दाशीं येऊन थांबलें. कराराच्या अटी वादाच्या होतात हें खरें; पण अनुग्रहाचा भंग झाल्यास दाद कोठें मागावी, हाही प्रश्न उरतोच. शब्द कोणताही असो, ज्या व्यवस्थेंत देय रक्कम, कारणें व क्रम आधींच लिहून जाहीर केलेले असतात, ती निव्वळ कृपा राहत नाहीं. या दृष्टीनें आजची योजना नांवानें पेशवाईकडे व रचनेनें कराराकडे झुकलेली आहे.

८. शेवटीं सर्व भार कागदावर येतो. सातबारा, वारसाची नोंद, पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल, वयाचा दाखला, यांपैकीं एक तुकडा नसला तर दोन लाख अडतात. सर्पदंशानें मेलेल्यास घाईनें दहन दिलें, इस्पितळाची चिठ्ठी घेतली नाहीं, तर मृत्यु अपघाती होता हें सांगणारें कोणी उरत नाहीं. दिवंगत बापाचें नांव सातबाऱ्यावर तसेंच राहिलें व राबणाऱ्या मुलाचें चढलें नाहीं, तर तो मुलगा दप्तराच्या दृष्टीनें बऱ्याच वेळां शेतकरीच ठरत नाहीं. जुन्या कागदांत आयुष्य घालविणाऱ्या वाचकांस हें नवीन नाहीं. ज्याची सनद राहिली त्याचें इनाम राहिलें, हा अनुभव त्यांच्या रोजच्या हाताळणींतला आहे.

म्हणून संग्राहकांस आमची दोन प्रकारची विनंति आहे. आपल्या संग्रहांतील बालपरवेशीच्या यादी, अर्ज व सनदा सामान्य हिशेबी कागद म्हणून बाजूस टाकूं नयेत. त्यांतील नांव, लढाई, वारस व रक्कम यांच्या नोंदी करून प्रसिद्ध कराव्यात. मोठ्या सरदारांच्या पत्रव्यवहारांत न दिसणारे शिपाई व त्यांच्या बायका तेथें नांवानिशीं भेटतात. आणि दुसरें, ज्या गांवीं असे कागद पाहण्यास आपण जातां, तेथील माणसांस आजचे कागद नीट ठेवण्याविषयीं, व वारसाची नोंद वेळीं करून घेण्याविषयीं दोन शब्द सांगावेत. मोडी वाचणाऱ्याचा शब्द गांवांत अजून मानला जातो. त्याचा उपयोग एखाद्या विधवेस झाला, तर संशोधनाचें चीज झालें असें आम्ही समजूं.