सुभाष गुप्ते आणि न केलेला फोन

२०२२ च्या डिसेंबरातली गोष्ट. कतारचा फुटबॉल विश्वचषक चालू होता आणि आमच्या घरी टीव्हीचा ताबा नातवाकडे होता. मला फुटबॉलमधलं फारसं कळत नाही. पण मोरोक्कोसारख्या देशाने उपांत्य फेरी गाठली (आफ्रिकेतला असा पहिलाच देश म्हणे), त्याचं मलाही कौतुक वाटलं. नातू सांगत होता, "आजी, तो हकिमी बघ. जन्मला माद्रिदला, खेळतो पॅरिसच्या क्लबाकडून, आणि देश मोरोक्को." मग एकदम त्याने विचारलं, "आपल्या मराठी माणसांत कोणी असं परदेशी क्लबाकडून पैसे घेऊन खेळलंय का गं? अगदी पूर्वी?"

मी पटकन म्हटलं, "सुभाष गुप्ते." त्याने नावही ऐकलेलं नव्हतं. तेव्हा दोन वाक्यांत सांगितलं आणि विषय मिटला. पण माझ्या मनातून जाईना. त्याला कारण आहे, ते पुढे येईलच. पूर्ण उत्तर आज लिहिते आहे.

आम्ही हिंदमाता सिनेमाच्या मागच्या अंगाला चाळीत राहायचो. वडील गिरणीत साचेखात्यात. त्यांना क्रिकेटचं अतोनात वेड, पण पाळी आली की सामना ऐकता येत नसे. वरच्या मजल्यावर एका कारकुनांकडे रेडिओ होता. वडील मला बजावून जायचे, "वर जाऊन बस, वहीत लिहून ठेव." मी नऊ वर्षांची. समालोचन इंग्रजीत. मला कळत काय, तर नावं आणि 'आउट' हा शब्द! ज्याच्या चेंडूवर आउट, त्याच्या नावापुढे मी फुली मारायची.

डिसेंबर १९५८ मध्ये कानपूरला वेस्ट इंडिजविरुद्ध कसोटी होती. समोर कन्हाय, सोबर्स अशी फलंदाजी. संध्याकाळी वडिलांनी वही बघितली आणि आधी माझ्यावरच रागावले, "एकाच नावापुढे सगळ्या फुल्या काय मारल्यास? लक्ष कुठे होतं?" गुप्त्यांच्या नावापुढे नऊ फुल्या होत्या! दुसऱ्या दिवशी पेपर आला तेव्हा माझी वही बरोबर निघाली. १०२ धावांत ९ बळी. उरलेला एक वसंत रांजणे यांनी घेतला, त्यांची ती पहिलीच कसोटी. दहावाही गुप्त्यांनाच मिळायचा, पण गिब्जचा झेल यष्टिरक्षक ताम्हाण्यांच्या हातून सुटला, हे मला नंतर कळलं. इतकं करून सामना आपण हरलोच. पहिल्या डावात दोन्ही संघांच्या धावा सारख्या, २२२. दुसऱ्या डावात सोबर्सने १९८ काढल्या आणि आपण २०३ धावांनी हरलो. गुप्त्यांच्या बाबतीत हे नेहमीचंच. ते बळी मिळवायचे आणि झेल, धावा, निकाल यांचा हिशेब दुसऱ्यांच्या हातात असायचा.

आता थोडं मागे जाते. सुभाष पंढरीनाथ गुप्ते यांचा जन्म ११ डिसेंबर १९२९ चा, मुंबईतला. अंगकाठी किरकोळ. लेगस्पिन टाकायचे, आणि त्यांच्याकडे दोन वेगवेगळे गुगली होते असं जाणकार सांगतात. एकच गुगली ओळखता ओळखता फलंदाजाची पुरेवाट होते, इथे दोन! १९५१ च्या अखेरीस कलकत्त्याला पहिली कसोटी खेळले. खरं नाव झालं ते १९५३ च्या वेस्ट इंडिज दौऱ्यात. कर्णधार विजय हजारे होते. वॉरेल, वीक्स, वॉलकॉट हे तिघं तेव्हा भरात होते, आणि त्यांच्यासमोर या तेवीस वर्षांच्या मुलाने पाच कसोटींत २७ बळी घेतले. तिकडे फर्ग्युसन नावाचा त्रिनिदादचाच एक लेगस्पिनर होता, त्याच्यावरून लोकांनी गुप्त्यांना 'फर्गी' म्हणायला सुरुवात केली. पुढे न्यूझीलंडचा संघ १९५५-५६ मध्ये इकडे आला, तेव्हा पाच कसोटींत ३४ बळी. त्याच्या आदल्या मोसमात पाकिस्तानातून आलेल्या एका संघाविरुद्ध मुंबईकडून खेळताना ब्रेबॉर्नवर त्यांनी डावात दहाच्या दहा बळी घेतले होते. प्रथम श्रेणीच्या सामन्यात असं करणारे ते पहिले भारतीय.

नातवाने विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर याच वर्षांतलं आहे. भारतात कसोटीचं मानधन इतकं थोडं होतं की त्यावर घर चालणं शक्य नव्हतं. मग उन्हाळ्यात इंग्लंडला जायचं, लँकेशायर लीगमध्ये. हे प्रकरण मला फार आवडतं, कारण त्यात गिरण्या आहेत. लँकेशायर म्हणजे कापडाचा मुलूख. आमच्या वडिलांच्या गिरणीतल्या साच्यांवर तिकडच्या कारखान्यांची नावं ओतलेली होती. त्या गिरणगावांमध्ये शनिवारी अर्ध्या दिवसाची सुट्टी मिळायला लागली आणि दुपारचे क्रिकेट सामने सुरू झाले. लीग स्थापन झाली १८९२ मध्ये. प्रत्येक क्लबात सगळे हौशी खेळाडू, कोणी गिरणीतला, कोणी दुकानदार, आणि फक्त एकच पगारी खेळाडू. तो बाहेरून आणायचा, जगातला मिळेल तेवढा उत्तम. त्रिनिदादचा लियरी कॉन्स्टंटाइन १९२९ पासून नेल्सन क्लबाकडे होता. आपले हजारे, विनू मंकड, दत्तू फडकर सगळे तिकडे खेळले आहेत. गुप्ते रिश्टन नावाच्या गावाकडून खेळले. (याच रिश्टनने पुढे १९८७ मध्ये व्हिव रिचर्ड्सला आणलं. गाव केवढं आणि नजर केवढी बघा!)

पगारी खेळाडूची नोकरी सोपी नव्हती. शनिवारी सामना जिंकून द्यायचा आणि एरवी क्लबातल्या पोरांना शिकवायचं. पन्नास धावा काढल्या किंवा पाच-सहा बळी घेतले की प्रेक्षकांत टोपी फिरवायची पद्धत होती. जमतील ती नाणी खेळाडूची. वडिलांना मी हे कुठूनतरी वाचून दाखवलं तेव्हा ते म्हणाले, "म्हणजे तिथले कामगार आपल्या गुप्त्याला स्वतःच्या पगारातून बक्षीस देत होते!" त्यांना त्यात काहीच कमीपणाचं वाटलं नाही.

मंकडांचं उदाहरण त्या काळात सगळ्यांना ठाऊक होतं. १९५२ च्या इंग्लंड दौऱ्यात संघात घ्याल याची हमी द्या, नाहीतर मी हॅस्लिंग्डन क्लबाशी करार करतो, असं त्यांनी बोर्डाला विचारलं. हमी मिळाली नाही. मग पहिली कसोटी हरल्यावर याच बोर्डाने धावाधाव करून त्यांना क्लबाकडून मागून घेतलं, आणि लॉर्ड्सवर त्यांनी ७२ आणि १८४ धावा काढल्या, वर पाच बळीही घेतले. क्लबाला खेळाडूची किंमत कळत होती. इकडे मात्र खेळाडू म्हणजे उपकार घेणारा माणूस समजला जायचा. असो.

आता मुख्य गोष्ट. १९६१ च्या डिसेंबरात इंग्लंडचा संघ आला होता. कानपूरला गुप्त्यांनी ९० धावांत ५ बळी घेतले आणि आपण पहिल्यांदाच इंग्लंडला फॉलोऑन दिला. पुढची कसोटी दिल्लीत. संघ इम्पीरियल हॉटेलात उतरला होता. गुप्ते आणि कृपाल सिंग एका खोलीत. कृपाल सिंगांनी खोलीतल्या फोनवरून हॉटेलच्या स्वागतकक्षातल्या मुलीला काम संपल्यावर भेटायला, काही घ्यायला बोलावलं. तिने तक्रार केली. तक्रार करण्याचा तिला पूर्ण हक्क होता, हे मी आधी लिहून ठेवते. पण तक्रार आली ती खोलीच्या नावावर, आणि शिक्षा दोघांना झाली. पुढच्या कसोटीत दोघंही नाहीत.

चौकशीत गुप्त्यांनी सांगितलं की फोन मी केला नाही. बोर्डाला तेही मान्य होतं! प्रश्न असा आला, की मग तू त्याला अडवलं का नाहीस? गुप्त्यांचं उत्तर नमूद आहे. तो एवढा धिप्पाड माणूस, मी त्याला कसा अडवणार?

त्या दिवसांत वर्तमानपत्रं गोवामुक्तीच्या बातम्यांनी भरलेली होती. आमच्या चाळीत रस्त्यावर पेढे वाटले. गुप्त्यांचं काय झालं याकडे कोण बघतो? शिवाय कलकत्ता आणि मद्रास या दोन्ही कसोटी आपण जिंकलो, इंग्लंडविरुद्धची पहिली मालिका जिंकली. त्यांच्यावाचून काही अडलं नाही असंच सगळ्यांना वाटलं. लगेच १९६२ मध्ये संघ वेस्ट इंडिजला निघाला. जिथे गुप्त्यांनी नाव कमावलं, जिथली खडान्‌खडा माहिती त्यांना होती, त्या दौऱ्यावर त्यांना नेलं नाही. आपण पाचही कसोटी हरलो. कृपाल सिंग १९६३-६४ मध्ये पुन्हा भारताकडून खेळले. गुप्ते कधीच नाही. ३६ कसोटी, १४९ बळी, आणि वय बत्तीस. लेगस्पिनर तर बत्तिशीत पिकायला लागतो.

१९५३ च्या दौऱ्यात त्रिनिदादला त्यांची एका मुलीशी ओळख झाली होती, तिच्याशीच पुढे लग्न झालं. १८४५ पासून उसाच्या मळ्यांवर करारावर नेलेल्या हिंदुस्थानी मजुरांची मोठी वस्ती त्या बेटावर आहे, त्यांच्या वंशातली ती. गुप्ते सासरच्या देशी निघून गेले आणि तिथलेच झाले. त्रिनिदादच्या संघाकडूनही एकदा खेळले. त्यांचे भाऊ बाळू गुप्ते, तेही लेगस्पिनरच, इकडे भारताकडून तीन कसोटी खेळले. सुभाष गुप्ते ३१ मे २००२ रोजी पोर्ट ऑफ स्पेनला वारले. सोबर्सने त्यांना शेन वॉर्नपेक्षाही वरचा लेगस्पिनर म्हटलं आहे, आणि सोबर्सने दोघांनाही पाहिलेलं होतं.

१९७१ मध्ये पोर्ट ऑफ स्पेनलाच आपण वेस्ट इंडिजला पहिल्यांदा हरवलं. सुनील गावसकरची पहिली कसोटी. दादर-परळमध्ये नुसता जल्लोष. वडील तेव्हा निवृत्तीला आले होते. सगळे गावसकरचं नाव घेत होते आणि ते मध्येच म्हणाले, "गुप्ते त्याच बेटावर आहे. कुणाच्या बाजूने टाळ्या वाजवल्या असतील रे त्याने?" कोणी उत्तर दिलं नाही. मीही नाही.

आता माझं कारण. 'तू त्याला अडवलं का नाहीस' हे वाक्य मी निवृत्तीनंतर एका लेखात वाचलं आणि पुस्तक मिटून ठेवलं. कारण हे वाक्य माझं आहे.

सत्तरच्या दशकाच्या शेवटी मी आठवीची वर्गशिक्षिका होते. मधल्या सुट्टीत मुख्याध्यापकांच्या खोलीची काच फुटली. दोन मुलं तिथे सापडली, एकाच बाकावर बसणारी. चेंडू कोणी मारला हे मला पाच मिनिटांत समजलं. मारणाऱ्याने कबूलही केलं. तरी मी दुसऱ्याला विचारलं, "तू होतास ना तिथे? मग अडवलं का नाहीस?" तो काही बोलला नाही, चपलेच्या अंगठ्याकडे बघत राहिला. मी दोघांनाही घारापुरीच्या सहलीतून काढलं. मला ते न्यायाचं वाटलं होतं. वर्गाला शिस्त लागते, असं आम्ही शिक्षक तेव्हा म्हणायचो.

दोन दिवसांनी ज्याने काच फोडली त्याचे वडील आले, नवी काच बसवून दिली, माफी मागितली. मी त्याचं नाव सहलीच्या यादीत परत घातलं. दुसऱ्याच्या घरून कोणी आलंच नाही. वडील रात्रपाळीला, आई बिगारी कामावर. येणार कोण, आणि कशाची माफी मागणार? त्याने तर काही केलंच नव्हतं. त्याचं नाव परत घालायचं मला सुचलं नाही. वाईट हेतू नव्हता हो, खरंच सुचलं नाही. सुमारे वर्षभरानंतर त्याने शाळा सोडली. त्याचं कारण ती सहल असेल असं मी म्हणत नाही. त्या वर्षांत गिरणगावातल्या कितीतरी मुलांनी शाळा सोडली.

नातवाला हा भाग मी सांगितलेला नाही. आता तो वाचेल.

त्या सहलीचा फोटो माझ्याकडे आहे. बोटीच्या धक्क्यावर काढलेला, काच फोडणारा पहिल्याच रांगेत टोपी घालून हसतो आहे. त्या वर्गातलं कोणी हे वाचत असेल तर कोणत्या दोन मुलांबद्दल मी लिहिते आहे ते त्याला कळेल. दुसरा सध्या कुठे असतो हे ठाऊक असेल तर मला कळवा. मी अजून हिंदमातालाच आहे.