पाठलाग संपतो, धंदा चालूच राहतो

आजच्या भागात आपण एका गुन्हेगारी कादंबरीचं बोट धरून मेक्सिकोच्या इतिहासात शिरणार आहोत. अमेरिकन लेखक डॉन विन्स्लो याची ‘द पॉवर ऑफ द डॉग’ २००५ साली आली. पुढे ‘द कार्टेल’ (२०१५) आणि ‘द बॉर्डर’ (२०१९) येऊन ही त्रयी पूर्ण झाली. कथानक साधं आहे. अमेरिकेच्या अमली पदार्थ विरोधी खात्याचा, म्हणजे डीईएचा, अधिकारी आर्ट केलर हा आदान बरेरा नावाच्या मेक्सिकन ड्रग माफियाच्या मागे लागतो. विन्स्लोनं स्वतः खासगी गुप्तहेर म्हणून काम केलेलं आहे. त्यामुळे तपासाची किचकट, कंटाळवाणी बाजू त्याला ठाऊक आहे आणि ती पुस्तकात उतरली आहे. पण मला ही कादंबरी महत्त्वाची वाटते ती वेगळ्या कारणानं. तिच्या पात्रांच्या मागे खरी माणसं उभी आहेत, आणि त्या माणसांच्या इतिहासातून आपल्यालाही शिकण्यासारखं आहे.

कादंबरीचं पहिलं प्रकरण सुरू होतं १९७५ साली, सिनालोआ प्रांतात, जळणाऱ्या अफूच्या शेतांपाशी. नीमच-मंदसौरकडच्या श्रोत्यांना अफूचं शेत ओळखीचं आहे. पण तिथे शेती होते ती सरकारी परवान्यावर. सिनालोआच्या डोंगरातली शेती बेकायदा होती आणि माल उत्तरेला अमेरिकेत जायचा. अमेरिकेच्या आग्रहामुळे मेक्सिकोनं ‘ऑपरेशन काँडॉर’ ही मोहीम हाती घेतली आणि १९७७ मध्ये सुमारे १०,००० जवान डोंगरात उतरवले. शेतं जाळली, विमानातून विषारी औषध फवारलं. गावंच्या गावं ओस पडली. कागदावर मोहीम फत्ते झाली. प्रत्यक्षात मोठे व्यापारी सिनालोआ सोडून ग्वादालाहारा या मोठ्या शहरात गेले आणि तिथे एकत्र आले. विखुरलेल्या टोळ्यांची एक संघटना झाली.

या संघटनेचा म्होरक्या होता मिगेल आंखेल फेलिक्स गायार्दो. हा गृहस्थ मुळात सिनालोआचा पोलीस, राज्यपालांचा अंगरक्षक. कादंबरीतला बरेराचा काका याच्यावरूनच बेतलेला आहे. त्याच्या जोडीला राफाएल कारो किंतेरो आणि एर्नेस्तो फोन्सेका. ऐंशीच्या दशकात अमेरिकेनं फ्लोरिडाचा समुद्रमार्ग आवळला, तेव्हा कोलंबियाच्या कोकेनला नवी वाट हवी होती. ती मेक्सिकोतून गेली. म्हणजे एका मार्गावरच्या कडक बंदोबस्तानं दुसऱ्या मार्गावरच्या लोकांना श्रीमंत केलं.

आता केलरच्या सहकाऱ्याच्या हत्येमागची खरी घटना. एन्रिके कामारेना, घरचं नाव ‘किकी’, हा डीईएचा अधिकारी. त्याआधी अमेरिकन मरीन दलातला जवान. १९८४ च्या नोव्हेंबरात मेक्सिकन सैन्यानं चिवावा प्रांतातल्या ‘रांचो बुफालो’ या प्रचंड गांजाच्या मळ्यावर छापा घातला. कारो किंतेरोचं अतोनात नुकसान झालं. ७ फेब्रुवारी १९८५ रोजी ग्वादालाहारातल्या अमेरिकन वाणिज्य दूतावासाबाहेरून कामारेनाला भरदिवसा उचललं गेलं. त्याचे अनन्वित हाल झाले. ५ मार्चला त्याचा आणि त्याला मदत करणाऱ्या एका मेक्सिकन वैमानिकाचा मृतदेह सापडला. कामारेना ३७ वर्षांचा होता.

यात चीड आणणारी गोष्ट अशी, की कारो किंतेरो ग्वादालाहाराच्या विमानतळावरून पोलीस अधिकाऱ्याच्या डोळ्यांदेखत उडून गेला. त्याच्या माणसांकडे मेक्सिकोच्या केंद्रीय सुरक्षा संस्थेची ओळखपत्रं होती. ही संस्था इतकी पोखरली गेली होती, की त्याच वर्षी सरकारला ती मोडीत काढावी लागली.

अमेरिकेनं सीमेवर प्रत्येक गाडीची इतकी कसून तपासणी सुरू केली, की वाहतूक जवळपास ठप्प झाली. डीईएनं ‘ऑपरेशन लेयेंदा’ हा तपास उभा केला. एप्रिल १९८५ मध्ये कारो किंतेरो कोस्टारिकात सापडला, त्याच महिन्यात फोन्सेका पकडला गेला आणि ८ एप्रिल १९८९ रोजी फेलिक्स गायार्दोही जेरबंद झाला.

साधी गुन्हेगारी कादंबरी इथे संपली असती. खलनायक गजाआड, मित्राच्या खुनाचा हिशेब पुरा. इतिहास मात्र इथून जास्त रक्तरंजित होत गेला. फेलिक्स गायार्दोच्या संघटनेचे तुकडे झाले: तिहुआना, हुआरेझ, सिनालोआ. सीमेवरच्या प्रत्येक इलाख्याला तिथे ‘प्लाझा’ म्हणतात. जकात नाक्यासारखीच ही व्यवस्था. ज्याच्या ताब्यात नाका, त्याला मालावर वसुलीचा हक्क. एकच मालक होता तोवर नाके वाटून दिलेले होते. तो गेल्यावर नाक्यांसाठी लढाया जुंपल्या.

सैनिक म्हणून मला सगळ्यात अंतर्मुख करतं ते जनरल हेसुस गुतिएरेस रेबोयो यांचं प्रकरण. सैन्यातला नावाजलेला अधिकारी. पोलीस भ्रष्ट आहेत म्हणून डिसेंबर १९९६ मध्ये त्यांना अमली पदार्थ विरोधी खात्याचं प्रमुख केलं गेलं. अमेरिकन अधिकाऱ्यांनी त्यांच्या सचोटीची जाहीर वाखाणणी केली. फेब्रुवारी १९९७ मध्ये तेच जनरल अटकेत गेले. हुआरेझ टोळीच्या अमादो कारियो फुएन्तेसशी त्यांचं संधान होतं. त्यांनी केलेल्या कारवाया खोट्या नव्हत्या, पण त्यांचा फायदा कारियोला होत होता, कारण पकडले जात होते ते त्याचे प्रतिस्पर्धी. एका माफियाचा पाठलाग दुसऱ्या माफियाची चाकरी ठरू शकतो. केलरही आपल्या पाठलागात अशाच तडजोडी करत जातो, आणि कादंबरीतला खरा काळोख तिथेच आहे.

डिसेंबर २००६ मध्ये अध्यक्ष फेलिपे काल्देरोन यांनी हजारो जवान मिचोआकान प्रांतात उतरवले आणि म्होरके टिपण्याची मोहीम देशभर पसरली. २००७ साली मेक्सिकोत सुमारे ९,००० खून झाले होते. २०११ साली २७,००० च्या वर. समोर लढणाऱ्यांत ‘सेतास’ टोळी होती, जिचे संस्थापक मेक्सिकन सैन्याच्या विशेष दलातून पळालेले जवान होते. म्हणजे सरकारनंच दिलेलं प्रशिक्षण सरकारवर उलटलं. डिसेंबर २००९ मध्ये आर्तुरो बेल्त्रान लेवा या म्होरक्याला नौदलाच्या मरीन्सनी ठार केलं. त्यात एक जवान धारातीर्थी पडला. त्याच्यावर सन्मानानं अंत्यसंस्कार झाले, आणि त्यानंतर काही तासांतच मारेकऱ्यांनी घरात घुसून त्याच्या आईला, भावंडांना आणि मावशीला मारलं. रणांगणाला सीमा नसली की जवानाचं घरही रणांगणात येतं.

युद्धात शत्रूचा सेनापती पडला की फौजेची फळी फुटते, हे आपण पानिपतापासून जाणतो. तोच आडाखा इथे लावला गेला. पण फौज फुटते कारण तिला लढायला हुकूम लागतो. या धंद्याला हुकूम लागत नाही, फक्त गिऱ्हाईक लागतं. अमेरिकेत गिऱ्हाईक आहे तोवर रिकामी खुर्ची ही उमेदवारांना मिळालेली संधी असते. ‘एल चापो’ गुस्मान तीनदा पकडला गेला, दोनदा तुरुंगातून पळाला, २०१९ मध्ये अमेरिकेत जन्मठेप भोगू लागला. त्याचा भागीदार सांबादा जुलै २०२४ मध्ये सापडला, आणि सप्टेंबरपासून सिनालोआत दोन गटांत नवं युद्ध पेटलं.

मग पाठलाग करूच नये का? असं मी म्हणणार नाही. कारो किंतेरो २०१३ मध्ये तांत्रिक मुद्द्यावर सुटला होता. जुलै २०२२ मध्ये तो पुन्हा पकडला गेला, आणि त्याच दिवशी मोहिमेतलं हेलिकॉप्टर कोसळून १४ मरीन गेले. २७ फेब्रुवारी २०२५ रोजी, ७२ व्या वर्षी, त्याला अमेरिकेच्या हवाली केलं गेलं. कामारेनाच्या कुटुंबानं ४० वर्षं वाट पाहिली. हा न्याय होता आणि तो व्हायलाच हवा होता. फक्त न्यायाला विजय समजू नये. अटक ही खुनाची शिक्षा आहे. धंदा थांबवायचा तर पोखरलेली पोलीस चौकी, विकली गेलेली ओळखपत्रं, पैसे फिरवणारी बँक आणि नशेच्या आहारी गेलेला तरुण, या सगळ्यांकडे पाहावं लागतं. त्या कामावर थरारक कादंबरी लिहिणं अवघड आहे. विन्स्लोनं निदान ‘द कार्टेल’च्या सुरुवातीला मारल्या गेलेल्या आणि बेपत्ता झालेल्या पत्रकारांची नावं छापली. पुस्तक हाती घेतलंत, तर ती पानं न वाचता उलटू नका. जय हिंद.