भोगवटादार : भाडेकरूच्या वीजजोडणीची शंभर वर्षांची कहाणी

१/१०
भाडेकरूला स्वतःच्या नावाने वीजजोडणी हवी असेल, तर घरमालकाचे ‘ना हरकत’ पत्र लागतेच, अशी आपल्याकडे सार्वत्रिक समजूत आहे. कायद्याचा इतिहास मात्र निराळे सांगतो. या हक्काची मुळे १९१० सालापर्यंत जातात आणि तो हक्क एका शब्दावर उभा आहे : ‘भोगवटादार’. त्या शब्दाचा हा मागोवा. #धागा

२/१०
१८८२ साली मुंबईच्या क्रॉफर्ड मार्केटात विजेचे दिवे लागले. १९०५ मध्ये बॉम्बे इलेक्ट्रिक सप्लाय अँड ट्रामवेज कंपनी स्थापन झाली आणि ७ मे १९०७ रोजी विजेवरची ट्राम धावू लागली. रस्ते कोणी खणायचे, तारा कोठून न्यायच्या, वीज कोणाला द्यायची, असे प्रश्न ओघानेच आले. त्यांची उत्तरे देणारा भारतीय विद्युत अधिनियम १९१० साली संमत झाला.

३/१०
या अधिनियमाच्या परिशिष्टात एक महत्त्वाची तरतूद होती. ज्या भागात मुख्य वाहिनी टाकली आहे, तेथील जागेच्या ‘मालकाने किंवा भोगवटादाराने’ मागणी केल्यास कंपनीने ठरलेल्या अटींवर एका महिन्यात वीज पुरवावी. भोगवटादार म्हणजे जागा ज्याच्या प्रत्यक्ष ताब्यात आहे तो. चाळीतल्या खोलीत राहणारा भाडेकरूही त्यात आला. वीज मागण्याच्या बाबतीत कायद्याने दोघांना एकाच पंक्तीला बसवले होते.

४/१०
आता घरभाड्याकडे वळू. पहिल्या महायुद्धाच्या काळात मुंबईत घरांची टंचाई झाली, भाडी कडाडली आणि १९१८ साली मुंबई प्रांतात भाडेनियंत्रणाचा कायदा आला. दुसऱ्या महायुद्धानंतर, १९४७ साली, ‘मुंबई भाडे नियंत्रण कायदा’ म्हणून ओळखला जाणारा अधिनियम झाला. त्यात प्रमाणभाडे ठरवण्यासाठी १ सप्टेंबर १९४० ही तारीख आधार मानली गेली. पुढे कित्येक दशके जुन्या चाळींची भाडी तेथेच थिजली.

५/१०
त्याचा परिणाम काय झाला? मालकाला भाडे वाढवता येईना आणि न्यायालयात कारण सिद्ध केल्याखेरीज भाडेकरूला बाहेरही काढता येईना. मग उरला आडमार्ग : नळ बंद करायचा, दिवे घालवायचे, जिन्यात अंधार करायचा. कंटाळून बिऱ्हाड आपणहून हलेल, असा हिशेब.

६/१०
ही वाट कायदा करणाऱ्यांनी ओळखली होती. अधिनियमाच्या कलम २४ ने मालकाला अत्यावश्यक पुरवठा तोडण्यास वा रोखण्यास मनाई केली. त्या पुरवठ्यात पाणी व वीज यांच्याबरोबर व्हरांड्यातले आणि जिन्यातले दिवे यांचाही स्पष्ट उल्लेख आहे. चाळीचे जगणे ठाऊक असल्याशिवाय ही यादी लिहिता आली नसती. पुरवठा तुटला, तर भाडेकरू तो पूर्ववत करून घेण्यासाठी न्यायालयात जाऊ शकत होता. १९९९ च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियमात हेच संरक्षण कलम २९ मध्ये आले आणि तेथील यादीत लिफ्टचाही समावेश आहे.

७/१०
पण हे संरक्षण मुख्यतः असलेली वीज न तोडण्याचे. नवी जोडणी हवी असेल तर? तेथे ‘ना हरकत’ पत्र आडवे येई. मालक सही का टाळत असे, हे समजून घ्यायला हवे. वीजबिलावर नाव असते, पत्ता असतो, तारीख असते. ज्याला भाडेपावतीही मिळालेली नाही, त्याच्या हाती ते बिल म्हणजे राहत्या जागेच्या ताब्याचा पुरावा. मालकाला भीती असे ती त्या कागदाची.

८/१०
२००३ साली नवा विद्युत अधिनियम आला. त्याच्या कलम ४३ मध्ये जुनीच शब्दयोजना कायम राहिली : ‘मालक किंवा भोगवटादार’. अर्ज आल्यावर महिन्याभरात वीज देणे बंधनकारक झाले आणि विलंबासाठी दिवसाला १,००० रुपयांपर्यंत दंडाची तरतूद झाली. २०२४ मध्ये सुधारलेल्या केंद्रीय नियमांनी महानगरांत ही मुदत ३ दिवसांवर आणली.

९/१०
न्यायालयांनीही या हक्काला बळ दिले. उत्तर प्रदेशातील एका भूसंपादन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निवाऱ्याच्या हक्काची व्याप्ती सांगताना त्यात विजेचा समावेश केला. तो निकाल १९९६ च्या निकालसंग्रहांत आहे. पुढे १३ मे २०२२ रोजी त्याच न्यायालयाने निःसंदिग्धपणे म्हटले, की मालकाने ‘ना हरकत’ दिले नाही, एवढ्या कारणावरून भाडेकरूला वीज नाकारता येणार नाही. अर्जदार त्या जागेत राहतो का, इतकेच वीजपुरवठादाराने पाहायचे आहे.

१०/१०
एक मर्यादा ध्यानात ठेवावी. वीजजोडणीने मालकी मिळत नाही. मालकाचा दावा असेल, तर तो न्यायालयात चालेल आणि त्याचा निकाल तेथेच लागेल. तोवर घरात अंधार असण्याचे कारण नाही. तेव्हा खिडकीवरचा कारकून ‘आधी मालकाची सही आणा’ म्हणाला, तर त्याला कलम ४३ मधला ‘भोगवटादार’ हा शब्द दाखवावा. तो तेथे १९१० पासून चालत आलेला आहे.